हौद नंबर तीन आणि चार किलो कोंबडी

१४ डिसेंबर २०२५, रविवार. सकाळी ७.१०

ही डायरी २०२३ सालची आहे. वारासिवनीच्या राइस मिलमधून निवृत्त झालो त्या दिवशी मालकांनी दिली. शाल, नारळ आणि ही. नारळाची चटणी झाली, शाल कुठेतरी असेल, डायरी कोरीच राहिली होती. छापलेली तारीख खोडून आजची घालतो. कागद वाया घालवणं माझ्या स्वभावात नाही.

मुलाचा, रजतचा, नागपूरहून फोन आला. २७ तारखेला येतोय, दोन दिवस. विचारलं, एकटा की दोघं? म्हणाला, बघू बाबूजी. मी फोन ताबडतोब मैनाबाईकडे दिला. मला काही घाई नव्हती. मैनाबाई म्हणते, फोन माझ्याकडे होता पण तुमचे कान माझ्या गालाले चिकटले होते. बायकोला चाळीस वर्षांत अतिशयोक्ती सोडता आली नाही.

संकल्प: रविवारी २८ ला गच्चीवर ग्रिल करायचं. चिकन. घरच्या गोड-तिखट मसाल्यात भिजवून. स्वतःच्या हाताने. कोणाची मदत न घेता.

नोंद: याचा दोन वर्षांपूर्वीच्या त्या प्रकाराशी काहीही संबंध नाही.

१५ डिसेंबर, सोमवार

तो प्रकार एकदाचा लिहून टाकतो, म्हणजे डोक्यातून जाईल.

दोन वर्षांपूर्वीच्या दिवाळीत सून पौर्णिमा नागपूरहून विजेवरची ग्रिल मशीन घेऊन आली. घरात सोळा पाहुणे. पोरीने सकाळपासून खपून मध घातलेलं चिकन भाजलं. मी एक तुकडा खाल्ला आणि म्हणालो, "हे चिकन आहे का गुलाबजाम? चहासोबत द्या बाप्पा." सोळाच्या सोळा हसले. बस, एवढंच. विनोद होता. दुसऱ्या दिवशी दुपारच्या गाडीचं तिकीट असताना ती सकाळी सहाच्या बसने गेली. मशीन इथेच राहिली. विसरली असेल.

तेव्हापासून आली नाही. फोन करते, सासूला. आमच्याकडे सुना सासऱ्याला मामाजी म्हणतात. पौर्णिमा दोन वर्षांपासून मला काहीच म्हणत नाही. "आई आहेत का?" एवढंच. म्हणजे मी टेलिफोन ऑपरेटर.

हल्लीच्या पोरींना विनोद कळत नाही. मिलमध्ये माझ्या विनोदांवर लोक पोट धरून हसायचे. (मी त्यांचा इन्चार्ज होतो, हा योगायोग.)

झालं. लिहून टाकलं. डोक्यातून गेलं.

१६ डिसेंबर, मंगळवार. रात्री ८

डोक्यातून गेलं नाही. पण विषय मॅरिनेडचा आहे.

मोबाइलवर अकरा व्हिडिओ पाहिले. सगळे चूक. एक म्हणतो अर्धा तास भिजवा, दुसरा म्हणतो रात्रभर. हा काय कारभार आहे? मी चौतीस वर्षं हौद नंबर तीनचा इन्चार्ज होतो. उसन्या, म्हणजे उकड्या, तांदळासाठी धान गरम पाण्यात भिजवायचं, मग वाफ, मग वाळवण. सगळी करामत भिजवण्यात. अर्धा तास भिजवलं असतं तर मालकाने मलाच हौदात बुडवलं असतं. कोंबडीचं शास्त्र वेगळं कशाला असेल? आत पोचेपर्यंत भिजवा, मग आच द्या. जितकं जास्त, तितकं उत्तम.

मैनाबाईला हे सविस्तर सांगितलं. तिने तांदूळ निवडता निवडता विचारलं, "धानाले पंख असतात काय जी?"

अशा श्रोत्यापुढे विज्ञान वाढत नाही.

माझा फॉर्म्युला: चिंच, गूळ, सुकी लाल मिरची, लसूण, आलं, मोहरीचं तेल, आणि मध. मध भरपूर. मुख्य कामगार तोच. मैनाबाई म्हणाली, गोड कोंबडीवर तर तुमी हासले होते न? मी म्हणालो, ती फक्त गोड होती. ही गोड-तिखट आहे. यात तत्त्वाचा फरक आहे. ती हसली नाही. हसली असती तर बरं झालं असतं.

१७ डिसेंबर, बुधवार

मधासाठी लांजीला गेलो. बालाघाटात बाटल्यांतला मिळतो, पण बाटलीतल्या मधमाश्यांवर माझा विश्वास नाही. लांजीच्या बाजारात तुळसाबाई म्हणून म्हातारी जंगलातला मध विकते. आधी भेसळ तपासली. बोटावर घेऊन चाटला. पुन्हा तपासला. पाचव्या तपासणीला म्हातारी म्हणाली, "भाऊ, आता विकत घ्या, नाई तं पोळी घेऊन या."

दीड लिटर घेतला. परतीच्या बसमध्ये बूच सैल झालं. घरी एक लिटर पोचला. उरलेला सदरा, पिशवी आणि शेजारी बसलेल्या एका सज्जनाच्या धोतराला लागला. त्याने उतरताना जे शब्द वापरले ते सज्जनाचे नव्हते.

अंगणात मुंग्यांची रांग माझ्या मागे आली. मैनाबाईने आंघोळीचं पाणी न विचारता ठेवलं.

१८ डिसेंबर, गुरुवार

मार्गशीर्षातला शेवटचा गुरुवार. मैनाबाईचा उपास आणि पूजा. घरात लसूण सोलायचा नाही, कोंबडीचं नाव काढायचं नाही. व्हिडिओ आवाज बंद करून पाहिला तरी ओरडली.

दिवसभर नुसता विचार केला. पुष्कळ काम झालं.

१९ डिसेंबर, शुक्रवार

आज वाटण. मिक्सरने चव मरते. पाटा-वरवंटाच पाहिजे, असं मी जाहीर केलं. चार हात फिरवले. पाचव्याला कमरेत उसण भरली. मिरचीचा हात डोळ्याला लागला. मग मैनाबाईने वाटलं, मी एक डोळा झाकून देखरेख केली. काम दोघांनी अर्धं-अर्धं वाटून घेतलं, असं म्हणायला हरकत नाही.

मसाला बरणीत भरला. रंग झकास, गेरूसारखा. चाखला. पहिल्यांदा गोड, मग आंबट, मग काही वेळ काहीच दिसलं नाही.

संध्याकाळी रजतचा फोन. पौर्णिमाच्या सुट्टीचं नक्की नाही. कदाचित तो एकटाच येईल.

मला काय फरक पडतो? एक ताट कमी. चिकन दोन किलोऐवजी दीड आणायचं. उलट बरंच. मी काही तिच्यासाठी करत नव्हतो.

जेवण गेलं नाही. मिरचीमुळे.

झोपण्यापूर्वी बरणीचा फोटो काढला आणि व्हॉट्सअ‍ॅपवर पौर्णिमाला पाठवला. सोबत काय लिहावं? "कशी आहेस" लिहिलं, खोडलं. "सुट्टी मिळाली का" लिहिलं, खोडलं. शेवटी लिहिलं, "गोड तिखट मसाला. घरी केला. मध १ लिटर." तिच्या ज्ञानात भर म्हणून.

दोन निळ्या खुणा आल्या. उत्तर नाही. बिझी असेल.

२० डिसेंबर, शनिवार. सकाळी ६.०५

उत्तर आलं. पूर्ण मजकूर उतरवून ठेवतो:

"मध आधी घातला की जळतो. शेवटी लावा."

नमस्कार नाही, मामाजी नाही. सूनबाई आम्हाला शिकवणार. चौतीस वर्षं आच सांभाळली, मला सांगते काय जळतं! हा सल्ला मी वाचलाच नाही असं समजण्यात येईल.

(दुपारी पुन्हा वाचला. शब्द सातच आहेत. पण सातही माझ्यासाठी आहेत.)

२१ डिसेंबर, रविवार

चाचणी. अर्धा किलो चिकन.

शेगडी हिरालालने करून दिली. हिरालाल आमच्या मिलचा जुना फिटर, आमच्याच गल्लीत राहतो. अर्धा ड्रम कापला आणि वर धान चाळायच्या मशीनची जुनी लोखंडी जाळी बसवली. मैनाबाईने ती जाळी तीन वेळा चिंचेने घासली, दोनदा उकळत्या पाण्याने धुतली आणि दर वेळी माझ्याकडे पाहिलं.

खाली कोळसे. वर तुकडे. दोन मिनिटांत काळे झाले. आत मात्र कोंबडी अजून जिवंत असल्यासारखी गुलाबी.

आमच्या गल्लीत एक कुत्रा आहे, त्याला सगळे मुनीम म्हणतात, कारण तो दिवसभर कुठल्या ना कुठल्या दुकानाच्या पायरीवर बसून असतो. मागच्या महिन्यात त्याने साबणाची वडी खाल्ली. त्याला एक तुकडा टाकला. त्याने वास घेतला, माझ्याकडे पाहिलं, आणि तुकड्याला वळसा घालून गेला.

मैनाबाई म्हणाली, "पोरगी बोलली होती न, मध शेवटी लावा?" मी विचारलं, तुला कोणी सांगितलं? म्हणाली, सगळं मले सांगते ते. म्हणजे माझ्याविरुद्ध नागपूर ते बालाघाट यंत्रणा काम करते.

निष्कर्ष: दोष मधाचा नाही. कोळशाचा आहे. कोळसा तापट.

२२ डिसेंबर, सोमवार

उपाय सापडला. झोपेतून उठता उठता सापडला, म्हणजे मेंदू थांबत नाही. धानाचा भुसा! मिलचा बॉयलर चौतीस वर्षं भुशावरच चालला. शांत, एकसारखी आच. लोक शेकोटीला लाकडं जाळतात आणि सोनं शेतात फेकतात.

मिलवर जाऊन दोन पोती भुसा आणला. तिथे ओलावा मोजायचं मीटरही मागितलं, कोंबडी पुरेशी भिजली का ते बघायला. नवा मॅनेजर म्हणाला, काका, घरी जा. जुने लोक गेले, संस्थेची वाट लागली.

मीटर नाही तर नाही. धानाचा ओलावा मी दाताखाली दाणा फोडून सांगायचो. कच्च्या चिकनवर हा प्रयोग करणार होतो. मैनाबाईने तुकडा हातातून काढून घेतला.

२३ डिसेंबर, मंगळवार

रजतचा फोन. दोघं येतात. सुट्टी मिळाली.

ठीक आहे. येऊ दे. घर त्यांचंच आहे.

चिकन चार किलो सांगितलं. भाव वाढायची शक्यता आहे म्हणून.

गच्ची झाडली. मग धुतली. मग कठड्याला चुना मारला. हिरालाल खालून ओरडला, "महागूभाऊ, लगन कोनाचं आहे?" मी म्हणालो, स्वच्छता माणसाने नेहमीच पाळावी. तो म्हणाला, नेहमीच आजपासून काय?

बाजारातून पाठीला गादी असलेली एक खुर्ची आणली. मैनाबाईने विचारलं, कोणासाठी? मी म्हणालो, पाहुण्यांसाठी. म्हणाली, पाहुने दोन आन खुर्ची एकच काहून जी? पौर्णिमाची ऑफिसात बसून बसून पाठ धरते, हे मला रजतने मागे सांगितलं होतं. पण त्याचा इथे संबंध नाही. दुकानात एकच होती.

२५ डिसेंबर, गुरुवार

वेळापत्रक: रविवारी दुपारी १२ ला भाजणी. म्हणजे शुक्रवारी दुपारी १२ ला भिजवणी. अठ्ठेचाळीस तास. हौद नंबर तीनमध्येही एवढं कोणाला मिळालं नाही.

मैनाबाईने विरोध नोंदवला. मी तो फेटाळला.

२६ डिसेंबर, शुक्रवार

१२.०० भिजवणी सुरू. मोठं पातेलं, चार किलो चिकन, निम्मा मसाला, पाऊण लिटर मध. पातेलं उन्हात ठेवलं, कोमट राहावं म्हणून. धानाला गरम पाणी लागतं.

१२.४० पातेलं उन्हात नाही. फ्रिजमध्ये आहे.

१.१५ उन्हात ठेवलं.

१.३० फ्रिजमध्ये.

२.०० उन्हात ठेवायला गेलो तर फ्रिजपुढे मैनाबाई खाट टाकून आडवी झालेली. डोळे मिटलेले. मी हळूच वाकलो. डोळे न उघडता म्हणाली, "सून दोन वर्सानं येऊन राह्यली. तिले दवाखान्यात नेता काय?"

मी माघार घेतली नाही. फ्रिजचं तापमान मला अभ्यासायचंच होतं.

२७ डिसेंबर, शनिवार

आले. नागपूरहून गोंदियामार्गे, दुपारच्या गाडीने. मी स्टेशनवर गेलो नव्हतो. त्याच वेळी तिकडे पेपर आणायला गेलो होतो. पेपर सकाळीच घरी येतो, हे रजतने सगळ्यांपुढे सांगायची गरज नव्हती.

पौर्णिमा थोडी वाळली आहे. पाया पडली. मी म्हणालो, सुखी राहा. घरी येताना रिक्षात मी एकूण चार प्रश्न विचारले. उत्तरं: हो, हो, बरी आहे, नाही. एकाही उत्तराला शेपूट नाही.

घरी आल्यावर ती नव्या खुर्चीवर बसली. रजतला कुजबुजून विचारलं, ही कधी घेतली? तो म्हणाला, मले काय माहीत.

संध्याकाळी सासू-सून स्वयंपाकघरात दोन तास हसत होत्या. मी पाणी प्यायला चारदा गेलो. चारही वेळा हसणं बंद झालं. शेवटी पोट फुगलं म्हणून जाणं थांबवलं.

उद्या. उद्या कळेल.

२८ डिसेंबर, रविवार

८.०० हवा स्वच्छ. वारा नाही. मी प्रसन्न.

९.३० भुसा पेटत नाही.

९.५० भुसा अजून पेटत नाही. बॉयलरला खालून मोठा पंखा होता, हे आता आठवलं.

१०.१५ टेबल फॅन गच्चीवर आणला. भुसा पेटला. निम्मा. बाकीचा निम्मा शेजारच्या रुख्माबाईंच्या गच्चीवर गेला, तिथे मुगाच्या वड्या वाळत होत्या. त्या तिकडून बराच वेळ काही बोलल्या. फॅनच्या आवाजात ऐकू आलं नाही. फॅन चालूच ठेवला.

१०.५० धूर. पांढरा. मग पिवळा.

११.०० हिरालाल बादली भरून पळत आला. विचारलं, "महागूभाऊ, कोंबडी भाजून राह्यले का मोहल्ल्याचे मच्छर मारून राह्यले?" बादली जिन्यातच ठेवून तो तिथेच बसला. म्हणाला, मी असू द्या इथं.

११.३० सगळे गच्चीवर. पौर्णिमा दाराशी, पदर नाकाला.

११.४० तुकडे जाळीवर. रंग सोनेरी. मी सर्वांना दाखवला.

११.४२ तांबूस.

११.४४ यापुढचा रंग लिहीत नाही.

संध्याकाळी ५.३०

शांतपणे लिहितो.

चार किलोंपैकी दीड किलो जाळीवर गेलं. मध पेटला. अक्षरशः, ज्वाळा निघाली. मी फुंकर मारली तर राख माझ्याच मिशीवर. चिमट्याने एक तुकडा काढला, ताटलीत ठेवला, ताटली टणकन वाजली. सुरी लावली. वरून सुरी गेली नाही. आतून मात्र लाल रस आला. दोन्ही टोकांना एकाच वेळी अपयशी होणं सोपं नसतं.

मुनीम खाली रस्त्यावर होता. आज तो आधीच उठून गेला.

रजत आकाशाकडे बघत होता. रुख्माबाई कठड्याला रेलून वड्या विसरल्या होत्या. मी म्हणालो, ही पहिली खेप आहे, पहिल्या खेपेत धानही करपतं. पौर्णिमा वळली आणि खाली निघून गेली.

मला वाटलं, बस. सकाळची सहाची बस उद्याही आहे.

मी चिमटा धरून उभा राहिलो. धुराने डोळ्यांत पाणी आलं होतं. धूर खूप होता.

पाच-सात मिनिटांनी जिन्यात पावलं वाजली. पौर्णिमा वर आली. हातात तिची विजेवरची मशीन, माझ्या शालीत गुंडाळलेली. मिलची शाल. आमच्या खोलीतल्या कपाटाच्या वरच्या कप्प्यात असते. मैनाबाईने जागा दाखवली असणार, ही बाई कोणाच्या बाजूची आहे ते मला आजवर कळलेलं नाही.

पौर्णिमाने शाल उलगडली. मशीनवर धुळीचा कण नव्हता. वायरही नीट गुंडाळून दोऱ्याने बांधलेली. तिने सासूला विचारलं, "आई, हे कोन पुसते?" मैनाबाई म्हणाली, "मी तं नाई बाई. मी त्या कप्प्याले पुरत बी नाई."

सगळे माझ्याकडे बघू लागले. मी म्हणालो, मशीन आहे, पुसावं लागतं. धूळ बसली की मोटर खराब होते. रजत म्हणाला, बाबूजी, यात मोटर नसते.

मग पौर्णिमाने माझ्या ताटलीतला तो तुकडा उचलला. कठड्यावर आपटला. टक. टक. चेहरा एकदम गंभीर. म्हणाली, "मामाजी, हे चिकन आहे का कवेलू? दोन-चार अजून भाजा, पावसाळ्याआधी छप्पर शाकारू."

पहिल्यांदा हिरालाल हसला, जिन्यातून. मग रुख्माबाई पलीकडून. मग रजत खालीच बसला. मैनाबाईने तर पदर तोंडात कोंबला. सासऱ्याला, चारचौघांत, त्याच्याच गच्चीवर! आजकालच्या सुनांना मोठ्यांचा मान म्हणून राहिलेला नाही.

मामाजी म्हणाली.

मग तिने विचारलं, मी मेसेज पाठवला होता, मध शेवटी लावा म्हणून, वाचला नाही का? मी म्हणालो, नाही बेटा, माझं नेट चालत नव्हतं. ती म्हणाली, "मामाजी, निळी खूण आलती. लगेच आलती." तंत्रज्ञानाने माणसाचं खासगी आयुष्य संपवलं आहे.

उरलेलं चिकन तिने धुऊन काढलं, मसाल्याचा पातळ हात लावला, मशीन लावली. भाजून झाल्यावर शेवटी पळसाच्या पानाने वरून मध फिरवला. तो माझाच मध. मैनाबाईने कोणाला न सांगता सकाळीच वेगळ्या आणलेल्या दोन किलो कोंबडीचा रस्सा करून ठेवला होता. म्हणजे मी भुसा पेटवायच्या आधीच तिने माझ्या अपयशाची तयारी केली होती. असा अविश्वास!

मी चार तुकडे खाल्ले. मग पाचवा. पौर्णिमा बघत होती. काहीतरी बोलणं भाग होतं. मी म्हणालो, त्या दिवाळीला गोड जास्त नव्हतं. बरोबर होतं. माझ्या जिभेला तेव्हा सर्दी होती.

ही माफी नाही. तांत्रिक दुरुस्ती आहे. तिने माझ्या ताटात सहावा तुकडा वाढला.

२९ डिसेंबर, सोमवार

गेले. दुपारच्याच गाडीने, तिकिटाप्रमाणे.

उरलेल्या मसाल्याची बरणी मी मोरीत ओतणार होतो, पौर्णिमा म्हणाली, मामाजी, मी नेते. स्वतः मागितली. तीन बाटल्या भरल्या. शेवटी गुणवत्ता लपत नाही. दोष जाळीचा होता.

मशीन बांधून देत होतो. म्हणाली, राहू द्या इथंच, आम्ही आलो की लागेल. वरच्या कप्प्याची जागा अडते. ठीक आहे, अडू दे. शाल धुवायला टाकली आहे, मशीनवर दुसरं काय घालावं ते बघतो.

स्टेशनवर गेलो होतो. या वेळी पेपरचं नाव सांगितलं नाही.

रुख्माबाईंना वड्या करून देण्याचं मैनाबाईने माझ्या वतीने कबूल केलं आहे. चार शेर मूग. वाटणार कोण, ते बघू.

विचार: मसाल्याला नाव द्यायचं. बाटलीवर कागद चिकटवायचा. "हौद नंबर तीन." गोंदियापर्यंत खपेल.

३ जानेवारी २०२६, शनिवार. सकाळी ११

नागपूरहून फोन. थेट माझ्या मोबाइलवर. पौर्णिमा.

इकडचं-तिकडचं झालं. मैनाबाई हात पुढे करून उभी होती, मी दुसरीकडे तोंड फिरवलं. मग सहज, अगदी सहज विचारलं, मसाला कसा लागला?

म्हणाली, मामाजी, पनीरला लावून पाहिला. रजत तीन तांबे पाणी प्यायला. मी म्हणालो, तिखट जरा... ती म्हणाली, नाही नाही, वाया नाही गेला. चिंच भरपूर आहे न त्यात. देवघरातल्या पितळेच्या समया घासल्या. आरशासारख्या झाल्या. शेजारणीने पण एक बाटली नेली, तिच्या तांब्याच्या घागरीसाठी. विचारत होती, कुठल्या कंपनीचं आहे?

मी विचारलं, मग तू काय सांगितलंस?

म्हणाली, "सांगतलं न, आमचे मामाजी करतात."

संक्रांतीला येणार आहेत, दोघं. म्हणाली, अजून दोन बाटल्या भरून ठेवा.

फोन ठेवला. मैनाबाईला काही सांगितलं नाही. तिला सांगावं लागत नाही. ती स्वयंपाकघरातून पाणी भरायचा पितळेचा मोठा गुंड घेऊन आली, माझ्यापुढे ठेवला, वर नारळाची शेंडी ठेवली. बरणीच्या तळाशी चिकटलेला मसालाही वाटीत खरवडून दिला.

घासला. खरंच चमकला. मिशीची राख अजून गेलेली नाही, ते त्यात स्पष्ट दिसलं.

संकल्प: संक्रांतीपर्यंत दोन बाटल्या. चिंच अर्धा किलो, मिरची नको, हात जळतात. मध नको. भांड्यांना लागत नाही.